लूपीबाईचा निर्जळी उपवास

वेणीकाकांनी साठी जवळ येईपर्यंत स्वतःच्या हाताने एकही झाड लावलं नव्हतं, आणि तरी हजारो झाडांची व्यवस्था त्यांनी लावली होती. ते विद्यापीठाच्या हर्बेरियममध्ये कामाला होते. हर्बेरियम म्हणजे वाळलेल्या झाडांचं संग्रहालय. प्राध्यापक मंडळी विंध्याच्या डोंगरांत, तराईत भटकून फांद्या आणायची. त्या वर्तमानपत्रात दाबून वाळवायच्या, जाड पांढऱ्या कागदावर सरसाने चिकटवायच्या, देठाला दोऱ्याचा एक टाका घालायचा आणि उजव्या कोपऱ्यात इंग्रजीतून लेबल लिहायचं: झाडाचं नाव, जागा, समुद्रसपाटीपासूनची उंची, तारीख आणि शेवटच्या ओळीत गोळा करणाऱ्याचं नाव. बत्तीस वर्षं काकांनी हेच केलं. कपड्यांना डांबरगोळ्यांचा वास यायचा तो रविवारीसुद्धा जायचा नाही.

माझे वडील रेल्वेत, त्यांची सारखी बदली. म्हणून शाळा-कॉलेजासाठी मला बनारसला दुर्गाघाटावर काका-काकूंकडे ठेवलं होतं. त्यांना मूल नव्हतं, आणि मी असल्याने ते फारसं कुणाच्या लक्षातही यायचं नाही. 'इंदू' ही हाक दिवसातून पन्नास वेळा ऐकू यायची, त्यातल्या चाळीस काकूंच्या.

आजोबा दशाश्वमेधावर महाराष्ट्रातून येणाऱ्या यात्रेकरूंचे विधी सांगायचे. थोरल्या वेणीमाधवाने गादी चालवावी म्हणून त्यांनी त्याला लहानपणीच पोथ्या उतरवायला बसवलं. अक्षर सुरेख झालं, पण चारचौघांत मंत्र म्हणायची वेळ आली की काकांचा आवाज घशातच बसायचा. शेवटी त्यांनी विद्यापीठात नोकरी धरली. "मंत्र जमेनात, म्हणून मेलेल्या झाडांची उत्तरक्रिया करतो," असं आजोबा शेवटपर्यंत येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत राहिले. काका नुसते हसायचे. त्यांना राग येत नसे. मला मात्र यायचा, अजून येतो.

काकांची इच्छा एकच होती, आणि ती त्यांनी फक्त मला सांगितली होती, बहुतेक मी लहान म्हणून. निदान एका शीटवर तरी शेवटच्या ओळीत आपलं नाव असावं. बत्तीस वर्षं ती ओळ त्यांनी लिहिली, पण नाव नेहमी दुसऱ्याचं. गोळा करायला डोंगरात जावं लागतं आणि चिकटवणाऱ्याला कोणी डोंगरात नेत नाही. "एक झाड, इंदू. मी आणलेलं, मी दाबलेलं, मी लिहिलेलं," असं ते म्हणाले आणि लगेच चहा मागितला.

त्यांच्या कपाटात छप्पन साली मोरोक्कोहून अदलाबदलीत आलेलं एक शीट होतं. ल्युपिनची रानटी जात, तिकडच्या कोरड्या उघड्या डोंगरात दगडधोंड्यांत उगवणारी. हाताच्या पंजासारखं पान, त्यावर रुपेरी लव, आणि तुऱ्याने आलेली फुलं वाळून चहाच्या चोथ्यासारखी झालेली. लेबल फ्रेंचमध्ये होतं. विभागप्रमुख डॉ. लतिका सेन यांनी त्यांना ते वाचून दाखवलं होतं: उंची एकोणीसशे मीटर, कोरडा उतार, फुलं निळी. त्या 'निळी'ने काकांच्या डोक्यात घर केलं. निळी म्हणजे कशी? पंचवीस वर्षं त्यांनी त्या शीटचे सुटलेले टाके पुन्हा घातले, कसर लागू दिली नाही, आणि दर वेळी त्या चोथ्याकडे बघून निळ्याचा अंदाज बांधला.

शीटच्या कोपऱ्यात कागदाची एक पुडी चिकटवलेली होती. नमुन्यातून गळून पडलेलं काही असेल तर ते टाकायचं नाही, पुडीत ठेवायचं, असा नियम. त्या पुडीत सात बिया होत्या. एक्याऐंशीच्या दसऱ्याला काका धीर करून त्या बिया मागायला सेनबाईंसमोर उभे राहिले. निवृत्तीला अडीच वर्षं उरली होती.

बाईंनी पुडी उघडून बिया मोजल्या. मग म्हणाल्या, "तीन ले लीजिए, वेणीमाधवजी. लेकिन फूल आए, तो टहनी प्रेस करके शीट बनाइएगा. और कलेक्टर में अपना नाम लिखिएगा, समझे?"

काका समजले. त्या दिवशी ते गोदौलियाच्या चौकातून चालत घरी आले, आणि आल्यावर रिक्षात बसायचं विसरलो म्हणाले.

पहिलं बी त्यांनी तीन दिवस गंगेच्या पाण्यात भिजवून कुंडीत टोचलं आणि कुंडी छतावर ठेवली. दोन महिने काही उगवलं नाही. मग एका माकडाने कुंडी उलथवली, मातीत हात घातला आणि निघून गेलं. बी सापडलं नाही. आमच्याकडे माकडांच्या गोष्टीत दाद-फिर्याद नसते. काकांनी पुढच्या वर्षासाठी जाळीचा पिंजरा करून घेतला, एवढंच.

सेनबाई म्हणाल्या, असलं टणक बी नुसतं भिजत नाही, त्याचं कवच कुठेतरी घासावं लागतं. काका घरी आले, देवघरात गेले आणि चंदन उगाळायच्या सहाणेवर बी घासू लागले. काकू स्वयंपाकघरातून हात पुसत आल्या त्या बघतच राहिल्या.

"अहो! देवाच्या सहाणेवर?"

"दुसरा दगड इतका बारीक नाही गं."

"आणि उद्या चंदनाला त्या परदेशी बीचा वास येईल त्याचं काय?"

"देवाला मोरोक्को माहीत असेल," काका म्हणाले. हे त्यांच्या मानाने फारच बोलणं होतं.

सहाव्या दिवशी कोंब आला. काकूंचा राग कोंबाबरोबर गेला. त्या दिवसातून दोनदा वर जाऊन बघायच्या, पानाची लव बोटाने चाचपायच्या, आणि नाव घ्यायला अवघड म्हणून त्यांनी तिचं 'लूपीबाई' करून टाकलं. काका झाड म्हणायचे, सेनबाई प्लँट म्हणायच्या, पण दुर्गाघाटावर लूपीबाईच चाललं. पौषापर्यंत ती वीतभर झाली आणि एका आठवड्यात पिवळी पडून मान टाकून मोकळी झाली.

काकांनी माती उकरली. माती कसली, चिखल होता. मुळं काळी, बोटाने दाबली तर सुटणारी. त्यांनी आम्हाला वर बोलावलं: काकूंना, मला आणि खालच्या मजल्यावरच्या अंबिकाबाईंना, कारण छत आमचं आणि त्यांचं एकच होतं.

"हिला पाणी कोण घालतं?"

तपास सोपा होता, कारण सगळ्याच गुन्हेगार होत्या. देवाच्या स्नानाचं पाणी मोरीत टाकायचं नाही, पायाखाली येऊ द्यायचं नाही. ते झाडाच्या मुळाशी जायला हवं. आजवर ते तुळशीला जायचं. पण थंडीत तुळस कुजते, हे काकूंना पक्कं माहीत. शेजारी नवी कुंडी दिसल्यावर त्यांनी वाटणी केली: अर्धं तुळशीला, अर्धं पाहुणीला. अंबिकाबाई गंगेवरून येताना लोट्यात उरलेलं आणायच्या आणि वाटेतल्या प्रत्येक महादेवाला देऊन शेवटचं हिला घालायच्या, कारण परमुलखातलं लेकरू, त्यालाही गंगा मिळावी. आणि मी? मला परीक्षेची भीती होती. पुण्य कुठूनही मिळालं तर हवंच होतं. मीही रोज एक लोटा ओतायचे. जिचे पूर्वज दगडावर दवावर जगले, तिला आम्ही रोज सकाळी तीन लोटे तीर्थ पाजत होतो.

काका रागावले असते तर बरं झालं असतं. ते काळं मूळ हातात धरून नुसतं बघत राहिले आणि खाली गेले. त्या दिवशी जेवताना त्यांनी दुसरा भात घेतला नाही. काकूंनी विचारलं, तर "पोट भरलं" म्हणाले. मला रडू आलं आणि मी ताटावरून उठले.

राहिलं शेवटचं बी, आणि शेवटचा हिवाळा. चौऱ्याऐंशीच्या एकतीस मार्चला काका निवृत्त होणार. त्याआधी फूल आलं तर शीट, नाहीतर ती ओळ कायमची दुसऱ्यांची. विद्यापीठाच्या बागेत पेरावं, तर तिथला माळी सकाळ-संध्याकाळ पाइपाने पाणी मारायचा. म्हणून पुन्हा आमचंच छत. काकांनी गंगेपलीकडची रेती आणली, पाथरवटाकडून चुनारी दगडाच्या कपच्या आणल्या आणि कुंडी भरली. बी सहाणेवर घासताना काकूंनी या वेळी स्वतः सहाण धुऊन पुढे ठेवली.

आता प्रश्न पाण्याचा. काकांनी पुठ्ठ्यावर सुरेख अक्षरात 'कृपया पाणी घालू नये' लिहून पिंजऱ्याला बांधलं. दुसऱ्याच दिवशी अंबिकाबाई लोटा घेऊन उभ्या. मी पाटी दाखवली.

"पाणी नको लिहिलंय," अंबिकाबाई म्हणाल्या. "हे तीर्थ आहे."

काका हताश होऊन कठड्यावर बसले. तेव्हा काकू पुढे झाल्या. त्यांनी पाटी सोडली, कुंडीच्या काठावर एक सुपारी ठेवली आणि खालपर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "अंबिकाबाई, हिचा निर्जळी उपवास आहे हो. संकल्प सोडलाय. कोणी मोडायचा नाही."

अंबिकाबाईंचा लोटा हवेतच थांबला. दुसऱ्याचा उपवास मोडायचा म्हणजे केवढं पाप! त्यांनी लोटा पदराखाली घेतला, लूपीबाईला नमस्कार केला आणि विचारलं, "पारणं कधी?"

"फूल आलं की," काकू म्हणाल्या.

गोष्ट घाटभर झाली. संकठा घाटाकडच्या दोन बायका हे व्रताचं झाड बघायला छतावर येऊन गेल्या. पाणी कोणी घातलं नाही. दर रविवारी दुपारी, बाकी सगळ्या खाली गेल्या की, काका पळीने मोजून चार पळ्या घालायचे. काकू तेव्हा मुद्दाम तोंड फिरवून वाळवणाकडे बघायच्या. रुपेरी पानं पसरू लागली. काका संध्याकाळी शेजारी स्टूल टाकून बसत आणि काहीही करत नसत. इतके खूश मी त्यांना कधी पाहिले नव्हते.

आणि मार्गशीर्षात ते आजारी पडले. आधी सर्दी, मग ताप, मग छातीत न्यूमोनिया. इस्पितळात ठेवावं लागलं. खाटेवरून त्यांनी काकूंना एवढंच सांगितलं, "रविवारी चार पळ्या. जास्त नको." मग त्यांना बोलायची बंदी झाली.

तीन आठवडे ते तिथे होते. काकू पहाटे गंगेवर जायच्या आणि येताना दुर्गाघाटापासून संकठा देवीपर्यंत वाटेत येईल त्या प्रत्येक देवाला, पिंपळाला, कोनाड्यातल्या बिननावाच्या दगडालासुद्धा पाणी घालत यायच्या. आमच्याकडे संकट आलं की हेच करतात. दुसरं काही हातात नसतं. ताप उतरेना. एक दिवस अंबिकाबाई काकूंना म्हणाल्या, "सगळ्यांना पाणी दिलंस, कालिंदी. त्या एका कुंडीने काय केलंय? दारातला जीव तहानलेला ठेवलाय, त्याचाच तळतळाट लागत असेल."

बोलणं वाईट हेतूने नव्हतं, आणि म्हणूनच ते काकूंच्या काळजाला लागलं. दुपारी त्या भरलेला लोटा घेऊन छतावर गेल्या. मी जिन्यात उभी होते. त्यांनी जाळी उघडली, लोटा कलता केला. त्यांचे ओठ हलत होते. किती वेळ गेला कळलं नाही. मग त्यांनी लोटा सरळ केला, जाळी लावली, जिना उतरल्या, गल्ली उतरल्या, घाटाच्या सगळ्या पायऱ्या उतरल्या आणि ते पाणी गंगेत सोडून आल्या.

"काकू, का नाही घातलं?" मी विचारलं.

"त्यांनी मला एवढं एकच काम सांगितलंय," त्या म्हणाल्या. "आणि आज रविवार नाही." मग जिन्यातच बसून त्या ओक्साबोक्शी रडल्या. मी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. दोघींनाही भीती वाटत होती. वाटत होती म्हणजे खूपच.

ताप पौषाच्या सुरुवातीला उतरला. तो कोणत्या पाण्याने उतरला, डॉक्टरांच्या सुयांनी की पिंपळाने, याचा निवाडा काकूंनी कधी केला नाही. काका घरी आले ते हाडं मोजावीत इतके वाळून, आणि आधी छतावर न्या म्हणाले. लूपीबाई गुडघाभर झाली होती. काकांनी मातीत बोट घातलं, कोरडं बोट बघितलं आणि काकूंकडे बघून मान हलवली. त्यांच्या घरात कौतुक एवढंच असायचं. काकू खाली गेल्या तेव्हा मी काकांना लोट्याची सगळी हकीगत सांगितली. काकूंनी सांगू नकोस म्हटलं होतं. मी चहाडी केली. ते स्टुलावर बसून लूपीबाईकडे बघत राहिले.

फाल्गुनातल्या रंगभरी एकादशीच्या आदल्या दिवशी पहिलं फूल उघडलं. काकूंनी हाक मारली, आम्ही धावलो. इतकी वर्षं अंदाज बांधलेला तो निळा समोर होता, आणि काकांना तो सांगता येईना. "नीळ नव्हे... आकाश नव्हे..." करत राहिले.

"माझी लग्नातली निळी साडी नव्हती का," काकू म्हणाल्या, "ती नवी होती तेव्हाची."

"हां," काका म्हणाले. "तोच."

पण खरी गंमत वेगळीच होती. प्रत्येक फुलाच्या मोठ्या पाकळीवर एक पांढरा ठिपका होता. सुकलेल्या शीटने ही गोष्ट अठ्ठावीस वर्षं काकांना सांगितलीच नव्हती. चार दिवसांनी खालच्या फुलांतले ठिपके लालसर झाले. "सवाष्णीने कुंकू लावलं बघा," असं काकूंनी जाहीर केलं, आणि अंबिकाबाई हळदीकुंकवाची कोयरी घेऊन वर आल्या. तिला कुंकू लावायचं नाही, एवढं मात्र काकांनी हात जोडून कबूल करून घेतलं. पुढे चैत्रात शेंगा तडकल्या तेव्हा तीन बियांच्या बदली अकरा बिया त्यांनी पुडीत परत नेऊन ठेवल्या, ती गोष्ट निराळी.

तुऱ्याची एक फांदी कापून काकांनी दाबली. ती वाळेपर्यंत रोज कागद बदलले, पाकळी न पाकळी सरळ केली. एकोणतीस मार्चला शीट तयार झालं. लेबल चिकटवायच्या आधी काका ते काही तरी निमित्त काढून घरी घेऊन आले. काकू छतावर तुळशीपाशी होत्या. काकांनी लेबल माझ्या हातात दिलं, कारण काकूंना इंग्रजी येत नव्हतं.

"वाच गं इंदू. मोठ्याने."

मी वाचून मराठीत सांगू लागले. झाडाचं नाव. दुर्गाघाट, वाराणसी, घराचं छत. उंची ऐंशी मीटर. फुलं निळी, पाकळीवर पांढरा ठिपका, नंतर लाल होतो. मार्च एकोणीसशे चौऱ्याऐंशी. मग शेवटची ओळ आली आणि मी अडखळले. काकांकडे पाहिलं. ते तुळशीकडे बघत होते.

"काय लिहिलंय?" काकूंनी विचारलं.

"गोळा करणाऱ्याचं नाव," मी म्हणाले. "कालिंदी आठल्ये."

काकूंनी माझ्या हातातून लेबल घेतलं, न येणारी अक्षरं लांब धरून पाहिली. "अहो, पण तुमचं नाव घालायचं होतं ना?" म्हणजे त्यांनाही ते पहिल्यापासून माहीत होतं. मला वाटत होतं, गुपित माझ्या एकटीचं आहे.

"मी आजारी होतो," काका म्हणाले. "झाड ज्याने राखलं, नाव त्याचं. नियम आहे." असा काही नियम नाही. मी नंतर सेनबाईंना विचारलं. त्या फक्त हसल्या.

काकूंनी डोळे पुसले, लेबल जपून मला परत दिलं आणि तुळशीचा लोटा उचलला.

"मग आता हिचं पारणं करू का? किती पळ्या घालू?"

काकांनी जाळीचं दार उघडून धरलं. "आज पळी नको," ते म्हणाले. "लोटा घाल."